मारिओ बावा: दिग्दर्शकाच्या खुर्चीतला कॅमेरामन

प्रश्न असा आहे: मारिओ बावा या इटालियन दिग्दर्शकाच्या सिनेमांची यादी काढली तर तिच्यात हर्क्युलिस आहे, व्हायकिंग आहेत, वेस्टर्न आहेत, भुताटकी, खूनसत्र, अंतराळयान आणि वर चावट विनोदी सिनेमेसुद्धा. सतरा वर्षांत वीस-बावीस सिनेमे, त्यातले बरेच इटलीत पडलेले. मिळेल ते काम घेणाऱ्या माणसाला जगभरचे दिग्दर्शक एवढा मान का देतात? आणि पाहायचंच ठरवलं, तर सुरुवात कुठून करायची?

मी तीस वर्षं कॅमेरामन म्हणून काम केलं. आधी फिल्मवर, मग डिजिटलवर. मालिका, जाहिराती, थोडे मराठी सिनेमे. बावाकडे मी त्याच बाजूने आलो, त्यामुळे उत्तरही त्याच बाजूने देतो. कथेच्या वाटेने गेलात तर हाताला फारसं काही लागणार नाही. पटकथा बहुतेक कामचलाऊ, संवाद तर कधी कधी ऐकवत नाहीत. पण तोच सिनेमा आवाज बंद करून पाहा. प्रत्येक शॉटमध्ये कुणीतरी विचार करून लाइट लावलाय, पैसे नव्हते तिथे डोकं चालवलंय, हे दिसायला लागतं. बावा सेहेचाळिसाव्या वर्षी दिग्दर्शक झाला आणि आतून शेवटपर्यंत कॅमेरामनच राहिला. सिनेमाची जात बदलत गेली, पण हात तोच होता.

हा हात घडला घरातच. बावाचा जन्म ३१ जुलै १९१४चा, वायव्य इटलीतल्या सान रेमोचा. वडील एउजेनिओ मूळचे शिल्पकार. मूकपटांच्या काळात ते सिनेमात शिरले, कॅमेरा शिकले आणि ट्रिक फोटोग्राफीत मुरले. मारिओ जन्मला त्याच वर्षी आलेल्या 'काबिरिया' या भव्य मूकपटावर ते होते. पोराला चित्रकार व्हायचं होतं. ते जमलं नाही आणि तो वडिलांच्या हाताखाली गेला. काचेवर रंगवायचं कसं, छोटं मॉडेल मोठं दिसावं म्हणून लेन्स कुठे ठेवायची, एकाच फिल्मवर दोनदा एक्सपोजर कसं द्यायचं, हे सगळं त्याने घरच्या धंद्यासारखं उचललं. सुताराच्या मुलाला रंधा कुणी शिकवावा लागत नाही, तसं.

१९३९च्या सुमारास तो स्वतंत्र कॅमेरामन झाला. रोस्सेल्लिनी या दिग्दर्शकाच्या सुरुवातीच्या लघुपटांवर त्याने काम केलं. पुढची वीस वर्षं तो इटलीतला भरवशाचा कॅमेरामन होता. स्टेनो आणि मोनिचेल्ली या जोडीचा 'ग्वार्दिए ए लाद्री' (१९५१), म्हणजे 'पोलीस आणि चोर', त्याने चित्रित केला. पाब्स्ट या दिग्दर्शकासाठी केलं, नंतर हॉलिवुडच्या राउल वॉल्शसाठीही केलं. ही वीस वर्षं लोक एका वाक्यात उरकतात, पण उत्तराचा निम्मा भाग तिथेच आहे. वेगवेगळ्या दिग्दर्शकांसाठी, वेगवेगळ्या जातीचे सिनेमे, दिलेल्या दिवसांत संपवून द्यायचे, ही कॅमेरामनची रोजची नोकरी. पुढे दिग्दर्शक म्हणून त्याने जी यादी केली ती आपल्याला धरसोडीची वाटते. त्याला ती नेहमीचीच वाटली असणार.

त्या काळच्या इटलीतला धंदाही समजून घ्यायला हवा. तिथे एक शब्द आहे, फिलोने. खाणीत धातूची शीर असते ना, तो. एखादा सिनेमा चालला की ती शीर सापडली असं समजायचं आणि सगळ्यांनी तिथेच कुदळी मारायच्या, शीर संपेपर्यंत. १९५८ साली पिएत्रो फ्रान्चिस्कीचा हर्क्युलिसवरचा सिनेमा आला. नायक स्टीव्ह रीव्ह्ज हा अमेरिकन बॉडीबिल्डर, कॅमेरा आणि ट्रिक बावाच्या. तो अमेरिकेतही तुफान चालला आणि रोममध्ये पिळदार दंडांच्या पौराणिक सिनेमांची रांग लागली. ती शीर आटली तेव्हा वेस्टर्नची सापडली, मग हेरांची, मग खूनसत्रांची. निर्माता नव्या शिरेकडे धावला की कारागीर त्याच्यामागे जायचे. बावाने विषय बदलले असं म्हणण्यापेक्षा बाजाराने त्याच्या हातात विषय ठेवले, असं म्हणणं खरं.

आता तो दिग्दर्शक कसा झाला ते सांगतो, कारण ती गोष्ट माझ्या आवडीची आहे.

१९५६-५७ साली रिकार्डो फ्रेडा 'इ व्हाम्पिरी' नावाचा सिनेमा करत होता. बोलपटांच्या काळातला इटलीचा हा पहिला भयपट मानला जातो. शेड्यूल बारा दिवसांचं. दहा दिवसांनंतर फ्रेडा निर्मात्याशी भांडून निघून गेला आणि उरलेला सिनेमा कॅमेरामन बावाने दोन दिवसांत पुरा केला. त्यात एक शॉट आहे. तरुण, देखणी डचेस कॅमेऱ्यासमोर उभी असते आणि बघता बघता, कुठेही कट न होता, तिचा चेहरा म्हातारा होतो. सुरकुत्या आतून वर येतात. एक चित्र विरत दुसरं उमटतं तो डिझॉल्व्ह नाही, काही नाही.

युक्ती अशी. सिनेमा ब्लॅक अँड व्हाइट आहे. अभिनेत्रीच्या चेहऱ्यावर सुरकुत्या लाल रंगाने काढायच्या. तिच्यावर लाल लाइट टाकला की लाल रेघ आणि बाजूची त्वचा दोन्ही सारख्याच उजळ दिसतात, त्यामुळे ब्लॅक अँड व्हाइटमध्ये रेघ नाहीशी होते. मग हळूहळू लाल लाइट उतरवत हिरवा किंवा निळा चढवायचा. आता लाल रेघेला परतवायला लाल प्रकाशच उरत नाही, म्हणून ती काळी पडते. चेहरा तोच, टेक तोच, बदललं ते फक्त दिव्यापुढचं जिलेटिन, म्हणजे रंगीत पारदर्शक कागद. ही युक्ती बावाने शोधलेली नव्हे. हॉलिवुडमध्ये १९३१च्या 'डॉ. जेकिल अँड मिस्टर हाइड'मध्ये ती वापरली गेली होती. पण बावाने ती फार सफाईने केली.

मी शिकवताना हे दरवर्षी करून दाखवतो. वर्गातल्या एखाद्या मुलीच्या किंवा मुलाच्या कपाळावर आणि तोंडाच्या दोन्ही बाजूंना लाल लिपस्टिकने बारीक रेघा काढायच्या. रंग बदलणारे दोन एलईडी दिवे, एक लाल, एक हिरवा. फोनचा कॅमेरा मोनोक्रोमवर. खोलीत बाकी काळोख. लाल उतरवायचा, हिरवा चढवायचा. पहिल्या वेळी रेघा जाड होतात आणि लाल लाइटमध्येही किंचित दिसतात. मग रंग पातळ करून पुन्हा. तिसऱ्या-चौथ्या प्रयत्नात वर्गात एकदम शांतता होते. समोरच्या जिवंत चेहऱ्यावर लाइट लालचा हिरवा झालेला डोळ्यांना दिसतो, त्यामुळे युक्ती उघडी पडते. आणि फोनच्या पडद्यावर तोच चेहरा सत्तरीचा झालेला असतो. सिनेमा म्हणजे काय हे मला यापेक्षा चांगलं सांगता आलेलं नाही. तुम्ही सिनेमॅटोग्राफी शिकत असाल तर हे एकदा स्वतः करा, मगच पुढे वाचा.

त्यानंतर १९५९मध्ये 'काल्टिकी' या राक्षसपटातूनही फ्रेडा अर्ध्यात गेला आणि बावाने तो निभावला. त्यातला सरपटणारा अजस्र गोळा म्हणजे खाटकाकडून आणलेली जनावराची वजडी होती. त्याच वर्षी जाक तुर्नरचा मॅरेथॉनच्या लढाईवरचा सिनेमा अडकला, तोही बावानेच संपवला. दुसऱ्यांचे तीन सिनेमे वाचवले, तेव्हा गालातेआ या निर्मिती कंपनीने त्याला सांगितलं, आता तुझा स्वतःचा कर.

तो म्हणजे 'ला मास्केरा देल देमोनियो', सैतानाचा मुखवटा. १९६०. इंग्रजीत त्याला 'ब्लॅक संडे' म्हणतात. निकोलाय गोगोलच्या 'वी' या कथेचा दूरचा आधार. बार्बरा स्टील दुहेरी भूमिकेत: शतकांपूर्वी मारलेली चेटकीण आणि तिच्याच वंशातली निष्पाप मुलगी. सुरुवातीलाच चेटकिणीच्या चेहऱ्यावर आतून खिळे असलेला मुखवटा ठेवतात आणि मोठ्या लाकडी हातोड्याने ठोकतात. मुखवटा कॅमेऱ्याकडे येतो तेव्हा आपण तिच्या जागी असतो, खिळे आपल्या डोळ्यांकडे येतात. तो मुखवटा घडवला होता वडिलांनी, एउजेनिओंनी. ब्रिटनमध्ये या सिनेमावर १९६८पर्यंत बंदी होती. अमेरिकेत मात्र अमेरिकन इंटरनॅशनल पिक्चर्सने तो विकत घेतला आणि बावाचं नाव इटलीबाहेर गेलं.

या सिनेमात भीती दचकवण्यातून येत नाही. धुक्यातून एक घोडागाडी येते, स्लो मोशनमध्ये, चाकांचा आवाज न करता. एवढंच. पण ती गाडी बघताना मला अजूनही हात आवळून बसावं लागतं. ब्लॅक अँड व्हाइटमध्ये राखाडीच्या किती छटा असतात हे शिकायचं असेल तर या सिनेमातलं तळघर पाहा. छायाचित्रण त्याने स्वतःच केलं होतं.

मग रंग आला, आणि इथे मला जास्त थांबायचंय.

१९६१मध्ये त्याने पुन्हा हर्क्युलिस केला, या वेळी दिग्दर्शक म्हणून. नायक रेग पार्क, खलनायक ख्रिस्तोफर ली. हर्क्युलिस पाताळात जातो. पाताळ दाखवायला पैसे नव्हते, म्हणून त्याने ते लाइटने बांधलं. लाल, हिरवा, जांभळा, निळा. हे रंग कुठून येतात याचं कारण कथेत शोधू नका, तिथे ते नाही. आम्हाला शिकवलं जायचं की लाइटचा उगम हवा: खिडकी, कंदील, चंद्र. बावाने हा नियम खुशाल बाजूला ठेवला, पण त्याच्या जागी दुसरी शिस्त आणली. नीट पाहिलंत तर पात्राचा चेहरा पुष्कळदा साध्या, पांढऱ्याच्या जवळच्या लाइटमध्ये असतो. रंग असतो मागच्या भिंतीवर, खांबाच्या कडेला, केसांच्या रेघेवर, पुढ्यातल्या एखाद्या वस्तूवर. त्यामुळे एकाच खोलीत तीन खोल्या असल्यासारखी डेप्थ तयार होते. आज अनेक ठिकाणी भुताचा सीन म्हटला की सगळ्या सेटवर एकच निळा ओततात आणि फ्रेम कागदासारखी चपटी होते. मी स्वतः सुरुवातीला तेच केलं. हा सिनेमा पाहिल्यावर पुढच्या भयकथेच्या भागात मी निळा फक्त जिन्यावर ठेवला आणि बाईच्या चेहऱ्यावर कंदिलाचा उजेड. फरक तिथल्या लाइटदादांनी मॉनिटरवर न बघताच सांगितला.

हा रंग कळसाला पोहोचतो तो 'इ त्रे वोल्ती देल्ला पाउरा'मध्ये, म्हणजे 'भीतीचे तीन चेहरे' (१९६३). इंग्रजी नाव 'ब्लॅक सॅबथ'. बर्मिंगहॅमच्या त्या प्रसिद्ध बँडने आपलं नाव इथूनच घेतलं. तीन कथा आहेत. त्यातली शेवटची, 'पाण्याचा थेंब', मी किती वेळा पाहिली असेल याची गणती नाही. एका परिचारिकेला रात्री बोलावणं येतं, मेलेल्या बाईला कपडे घालायला. ती प्रेताच्या बोटातली अंगठी काढून घेते. घरी आल्यावर नळ गळतो. माशी घोंगावते. खिडकीबाहेरून रंगीत लाइटची उघडझाप होत राहते. प्रेताचा तो ताणलेला, दात विचकलेला चेहरा म्हणजे मेकअप केलेली नटी नाही. तो एउजेनिओंनी घडवलेला मेणाचा मुखवटा आहे. तेव्हा ते सत्तरीच्या पुढे होते. शिल्पकार बापाने केलेला चेहरा आणि त्यावर मुलाने टाकलेला लाइट. बाप-लेकाच्या सहकार्याचा याहून सुंदर नमुना मला सिनेमात आठवत नाही, मग तो चेहरा कितीही भयानक असो.

या सिनेमाचा शेवट इटालियन आवृत्तीतच पाहा. नट बोरिस कार्लोफ घोड्यावर बसून दौडत आपल्याशी बोलतो आणि कॅमेरा मागे सरकायला लागतो. घोडा खोटा निघतो. मागे सरकत सरकत दिसतं की युनिटची माणसं हातात झाडाच्या फांद्या घेऊन कॅमेऱ्यासमोरून गोल गोल पळतायत, म्हणजे जंगल मागे पळतंय असं वाटावं. अख्खा सिनेमाभर घाबरवल्यावर त्याने आपल्या माणसांना, घाम गाळत पळणाऱ्या त्या माणसांना, पडद्यावर आणलं. अमेरिकन आवृत्तीत हा शेवट काढून टाकला, कथांचा क्रम बदलला आणि एका कथेचा अर्थच फिरवला. बावा पाहताना कुठली आवृत्ती हाती आहे हे आधी तपासा, नाहीतर तुम्ही भलत्याच माणसाचा सिनेमा पाहाल.

त्याच वर्षी 'ला रागात्सा के सापेवा त्रोप्पो' आला, 'फार जास्त माहीत असलेली मुलगी'. इथून जाल्लो नावाची जात सुरू झाली असं मानतात. जाल्लो म्हणजे पिवळा. मिलानच्या मोंदादोरी प्रकाशनाने १९२९पासून रहस्यकथा पिवळ्या वेष्टनात काढल्या, त्यावरून हे नाव पडलं. पण जाल्लोचं रूप ठरलं ते पुढच्या वर्षीच्या 'सेई दोन्ने पेर लास्सास्सिनो'त, इंग्रजीत 'ब्लड अँड ब्लॅक लेस'. फॅशन हाउस, सहा बायका, कोऱ्या मुखवट्याचा, काळी हॅट आणि रेनकोट घातलेला खुनी. जुन्या वस्तूंच्या दुकानातला पाठलाग पाहा: काळोखात हिरव्या-जांभळ्या लाइटची उघडझाप, आणि वस्तूंच्या गर्दीत माणूस कुठला आणि पुतळा कुठला हे कळेनासं होतं. यातले लांब सरकते शॉट पाहून वाटतं मोठी ट्रॉली आणि क्रेन असणार. नायक कॅमेरॉन मिचेलनेच सांगून ठेवलंय की कॅमेरा लहान मुलांच्या खेळण्यातल्या गाड्यावर ठेवून ओढला होता. मी स्वतः एकदा सतरंजीवर कॅमेरा ठेवून ती गुळगुळीत फरशीवर ओढून शॉट घेतलाय, म्हणून यावर माझा पूर्ण विश्वास आहे.

या सिनेमाबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. माझ्या मुलीबरोबर तो पाहत होतो. अर्ध्यात तिने विचारलं, "बाबा, मेलेल्या बाईवर एवढा सुंदर लाइट का लावलाय?" मी पॉज केलं आणि आम्ही बराच वेळ बोललो. कपड्यांच्या दुनियेत बाईला आधीच पुतळा केलेलं असतं, बावा तेच टोकाला नेतो, असं मी म्हणालो. तिला ते अर्धंच पटलं. मलाही. या जातीच्या सिनेमात स्त्रीच्या मरणाकडे कौतुकाने पाहणारा डोळा आहे, आणि पुढे नकला करणाऱ्यांकडे तर तेवढाच उरला. बावाचा चाहता म्हणून मी हे झाकून ठेवणार नाही.

आवाजाचं एक तांत्रिक कारण इथे सांगून टाकतो. त्या काळी इटलीत सेटवर आवाज रेकॉर्ड करत नसत, सगळं नंतर डब व्हायचं. एकाच सीनमध्ये एक नट इंग्रजीत बोलायचा, दुसरी इटालियनमध्ये. आम्हीही ॲरी टूसी या फिल्म कॅमेऱ्याच्या खडखडाटात शूटिंग करून नंतर डबिंग थिएटरमध्ये आवाज भरायचो, म्हणून मला ही पद्धत परकी नाही. अभिनयाचं नुकसान होतं, पण कॅमेरामनला मोकळीक मिळते. टेक चालू असताना ओरडून सूचना देता येतात, गाडा कुरकुरला तरी चालतो, धुराचं मशीन फुसफुसलं तरी चालतं. बावाची कॅमेऱ्याची चाल काही अंशी या मोकळिकीतून आली.

'तेर्रोरे नेल्लो स्पात्सिओ' (१९६५), अंतराळातली दहशत. परग्रहाचा सेट म्हणजे, त्याच्याच सांगण्याप्रमाणे, जुन्या पौराणिक सिनेमाचे उरलेले दोन प्लॅस्टिकचे खडक. त्याने ते आरशांनी आणि एकावर एक एक्सपोजर देऊन वाढवले, जमीन धुराने झाकली आणि धुरावर रंगीत लाइट टाकला. परक्या यानात राक्षसी सांगाडा सापडतो तो प्रसंग पाहा आणि मग १९७९चा 'एलियन' पाहा. साम्य मी वेगळं दाखवायला नको.

१९६६मध्ये तीन सिनेमे आले. त्यातला व्हिन्सेंट प्राइसचा हेरविनोद नाही पाहिलात तरी चालेल. 'ऑपेरात्सिओने पाउरा' मात्र चुकवू नका, इंग्रजीत 'किल, बेबी... किल!' रोमच्या उत्तरेला कड्यावर वसलेल्या कालकाता गावात शूटिंग झालं. मध्येच निर्मात्याचे पैसे संपले आणि युनिटने बिनपगारी काम करून सिनेमा पुरा केला असं सांगतात. युनिट कुणासाठी असं थांबतं हे सेटवर काम केलेल्याला विचारा. मीही एकदा तसा थांबलोय, आणि तो निर्मात्यासाठी नव्हे. पांढऱ्या फ्रॉकमधली, चेंडू खेळवणारी भुताची मुलगी ही खरं तर एक मुलगा होता, त्यामुळेच तो चेहरा नेमका कुठे चुकतोय ते कळत नाही. दोन वर्षांनी दिग्दर्शक फेल्लिनीने आपल्या 'टोबी डॅमिट'मध्ये सैतानाला चेंडूवाल्या मुलीच्याच रूपात आणलं.

त्याला एकदाच खरा पैसा मिळाला. दीनो दे लाउरेन्तिस या बड्या निर्मात्याने 'दिआबोलिक' (१९६८) त्याच्याकडे दिला. मिलानच्या आंजेला आणि लुचाना जुस्सानी या बहिणींच्या, १९६२पासून निघणाऱ्या कॉमिकवरचा सिनेमा, संगीत एन्नियो मोर्रिकोनेचं. दिलेल्या बजेटातला थोडासाच भाग त्याने खर्च केला. चोराची ती अफाट भुयारी गुहा सेटवर जवळजवळ नव्हतीच. कॅमेऱ्यासमोर काच उभी करायची, तिच्यावर गुहा रंगवायची आणि सेटचा जेवढा तुकडा खरा आहे तेवढी जागा मोकळी सोडायची. कॅमेरा खिळवून ठेवायचा, ॲपर्चर बारीक, लेन्स वाइड, म्हणजे काच आणि माणूस दोघंही फोकसमध्ये. हातभर अंतरावरची काच आणि वीस फुटांवरचा नट यांची कड जुळवायला किती वेळ जातो हे ज्याने केलंय त्यालाच माहीत. पैसा होता तरी तो काचेकडेच गेला, हे मला फार बोलकं वाटतं.

सत्तरीचं दशक खडतर गेलं. एक वेस्टर्न आणि 'पाच बाहुल्या' हा जाल्लो यांत झूम इतका मारलाय की डोळे दुखतात. झूममुळे रूळ टाकायचा वेळ वाचतो, हे खरं, पण तो वाचवलेला वेळ पडद्यावर दिसतो. 'रेआत्सिओने आ कातेना' (१९७१), इंग्रजीत 'बे ऑफ ब्लड', वेगळा आहे. खाडीकाठच्या जमिनीच्या लोभाने तेरा माणसं मरतात. दिग्दर्शन आणि कॅमेरा दोन्ही त्याचं. दहा वर्षांनी अमेरिकेच्या 'फ्रायडे द थर्टीन्थ'च्या दुसऱ्या भागात यातला भाल्याचा खून जसाच्या तसा आला. अमेरिकन स्लॅशरची, म्हणजे एकामागून एक खून पाडणाऱ्या भयपटांची, सगळी बीजं इथे आहेत.

१९७२च्या 'बॅरन ब्लड'ने पैसे मिळवून दिल्यावर निर्माता आल्फ्रेडो लिओनेने त्याला मोकळा हात दिला. त्याने 'लिसा ए इल दिआव्होलो' केला, एका बाईला वाट चुकल्यावर पडलेलं लांबलचक स्वप्न. कथा सैल, पण सिनेमा मन बांधून ठेवणारा. १९७३मध्ये कान महोत्सवात तो दाखवला, पण विकत घ्यायला कुणी पुढे आलं नाही. मग 'एक्सॉर्सिस्ट'ची लाट आली. सिनेमा कापला, धर्मगुरू आणि ओकाऱ्यांचे नवे सीन घुसवले आणि दुसऱ्याच नावाने प्रदर्शित केला. पाठोपाठ 'कानी अर्राब्बियाती', पिसाळलेले कुत्रे. जवळजवळ सगळा सिनेमा एका धावत्या मोटारीत: दरोडेखोर, ओलीस आणि घाम. एकही रंगीत लाइट नाही, एकही धुकं नाही. ज्याला लोक जिलेटिनवाला म्हणायचे त्याने साठीला आल्यावर ते सगळं टाकून दिलं आणि भर उन्हात शूट केलं. निर्मात्याचं दिवाळं निघालं, फिल्म जप्त झाली. तो सिनेमा लोकांसमोर आला तो नव्वदच्या दशकात, बावा गेल्यावर पंधराएक वर्षांनी. केलेलं काम डब्यात बंद राहणं म्हणजे काय असतं हे मी जवळून पाहिलंय, आणि या सिनेमाबद्दल मला थंडपणे बोलता येत नाही.

शेवटचा 'शॉक' (१९७७), मुलगा लाम्बेर्तोला बरोबर घेऊन केलेला. त्यात बोळातून लहान मुलगा आईकडे धावत येतो. अगदी जवळ पोचल्यावर फ्रेमच्या खाली जातो, आणि तिथूनच वर येतो तो तिचा मेलेला नवरा. एकच शॉट. मूल खाली वाकलं, मोठा माणूस उठला, बस्स. मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा रिमोट हातातून पडला, आणि मग तो शॉट मी वीस वेळा मागे-पुढे करून पाहिला.

नंतर दिग्दर्शक दारिओ आर्जेन्तोच्या 'इन्फेर्नो'साठी त्याने ट्रिकचं काम केलं, न्यू यॉर्कची क्षितिजरेषा मॉडेलमधून उभी केली. वडिलांच्या हाताखाली जे शिकला, शेवटी तेच. एप्रिल १९८०मध्ये रोममध्ये हृदयविकाराने तो गेला, वय पासष्ट. २९ तारखेला हिचकॉक गेला, म्हणजे दोघे काही दिवसांच्या अंतराने.

सुरुवात कुठून? आधी 'ब्लॅक संडे', मग 'ब्लॅक सॅबथ'ची इटालियन आवृत्ती, मग 'कानी अर्राब्बियाती', म्हणजे रंग आणि रंगाविना दोन्ही बावा कळतील. वेस्टर्न सगळ्यात शेवटी, नाही पाहिलेत तरी चालेल. आणि 'ऑपेरात्सिओने पाउरा' पाहताना तो दारांचा सीन नीट पाहा. नायक एका माणसाच्या मागे पळतो. दार, खोली, पुन्हा दार, पुन्हा खोली. अंतर कमी होत जातं, तो त्याला खांद्याला धरून वळवतो, आणि समोर त्याचाच चेहरा असतो. दुसऱ्यांदा पाहताना भिंतींकडे लक्ष द्या आणि सेट किती आहेत ते मोजा. खोली एकच आहे.